चौथी अट

मी एक वही बोलतेय. शाळेतली नव्हे आणि कवितांची तर नव्हेच. मी लघुलेखनाची वही. डोक्यावर तारेची गुंडाळी, पानाच्या मधोमध उभी लाल रेघ आणि एकूण दोनशे पानं. उघडून पाहिलंत तर म्हणाल, कुणीतरी पेन्सिल चालते की नाही ते बघायला रेघोट्या ओढल्यात. पण त्या रेघोट्यांवर कुणी आत गेलंय, कुणी बाहेर आलंय. आणि एका मुलीच्या वाट्याला जे यायला नको होतं ते आलं, त्यात माझाही हात आहे. वहीला हात नसतो हे मला माहीत आहे, पण मी काय म्हणतेय ते तुम्हाला समजलं.

माझा जन्म छापखान्याच्या मागच्या खोलीत झाला. तिथे एक मावशी स्टुलावर बसून आमच्या डोक्यात तार ओवायच्या. त्या पानं मोजत नसत. कडेवरून अंगठा फिरवला की किती पानं आहेत ते सांगत, आणि बहुतेक बरोबरच सांगत. माझ्याबरोबरच्या काही जणी दवाखान्यात गेल्या, काही शिकवणीच्या वर्गात. मी चाळीस जणींच्या गठ्ठ्यातून कोर्टाच्या भांडारात आले. तिथला नियम असा, की भरलेली वही जमा करायची आणि कोरी घेऊन जायची.

कोरी होते तेव्हा मला भारी मिजास होती. न्यायाधीशांच्या तोंडून निघालेला शब्द कुठेही जाण्याआधी माझ्या अंगावर उमटणार, म्हणजे मी काही साधीसुधी नाही, असं वाटायचं. आता ते आठवलं तरी लाज वाटते.

मी ज्यांच्या हाती पडले त्यांना सगळं कोर्ट नुसतं 'बाई' म्हणायचं. एकतीस वर्षांची नोकरी, निवृत्तीला आठ महिने उरलेले. अंबाड्यात खोचलेली एक पेन्सिल, हातात दुसरी, आणि टोक मोडलंच तर टेबलावर तिसरी. साहेब कितीही भरभर बोलोत, बाईंची पेन्सिल त्यांच्या अर्धा शब्द मागे, कधीच जास्त नाही. खुणा मात्र त्यांच्या स्वतःच्या वळणाच्या. शेजारच्या कोर्टातला स्टेनो एकदा थट्टेने म्हणाला होता, "बाई, तुमची वही वाचायची म्हणजे आधी तुमच्या घरी चार दिवस राहायला यावं लागेल."

साहेब म्हणजे आमचे न्यायाधीश. भला माणूस. टाच दुखायची म्हणून चेंबरमध्ये बूट काढून सपाता घालायचे आणि निकाल सांगताना येरझारा घालायचे. खिडकीपाशी थांबले की समजायचं, अडचणीचं वाक्य आलं.

जामिनाचे अर्ज आमच्याकडे रोज असत. त्यात एकाच तऱ्हेचे बरेच. तो म्हणतो लग्न करेन, ती विश्वास ठेवते, दोघं जवळ येतात, मग तो पाठ फिरवतो. ती पोलिसांत जाते, त्याला अटक होते, त्याचा वकील अर्ज घेऊन येतो. प्रश्न दर वेळी तोच. पहिल्या दिवसापासून त्याच्या मनात लग्न नव्हतंच, की होतं आणि पुढे फिसकटलं? पहिलं असेल तर ती फसवणूक, दुसरं असेल तर मोडलेलं नातं. आणि माणसाच्या मनात पहिल्या दिवशी काय होतं, ते जामिनाच्या अर्ध्या तासात ठरत नाही. त्यासाठी खटला चालावा लागतो, साक्षी व्हाव्या लागतात.

साहेब म्हणायचे, "बाई, जामीन दिला म्हणजे तो निर्दोष ठरला असं नाही. खटला होईपर्यंत बाहेर राहा, एवढंच. पण तो बाहेर असताना ती निर्धास्त राहिली पाहिजे. म्हणून आदेशातल्या अटी महत्त्वाच्या."

असे अर्ज इतके यायचे, की बाईंनी कॉम्प्युटरवर एक तयार मसुदाच करून ठेवला होता. त्यात फक्त नावं, गुन्ह्याचा नंबर आणि तारखा बदलायच्या. खाली चार अटी. पहिली, तपासात सहकार्य करावं. दुसरी, आठवड्यातून एकदा पोलीस ठाण्यात हजेरी लावावी. तिसरी, परवानगीशिवाय शहर सोडू नये. आणि चौथी, तक्रारदार स्त्रीला भेटू नये, तिच्याशी कोणत्याही मार्गाने संपर्क करू नये, तिच्या घरी किंवा कामाच्या जागी जाऊ नये.

माझ्या बाराव्या पानावर एक विचित्र प्रकरण आलं. दोघं एकाच इमारतीत राहणारे, जिनाही एकच. तिच्या घराजवळ जायचं नाही म्हटलं तर त्याला स्वतःच्या घरी जायला दोरीच लावावी लागली असती. साहेबांनी त्या प्रकरणापुरती चौथी अट काढायला सांगितली आणि त्याऐवजी त्याने मामाकडे राहावं असं लिहायला लावलं. बाईंनी मसुद्यातून अट काढली, मामाचं वाक्य घातलं, छापलं, नंतर मामाचं वाक्य खोडलं आणि तसंच जतन केलं. चौथी अट परत घालायची राहून गेली. आता मसुद्यात तीनच अटी होत्या, आणि हे कोणाच्याच ध्यानात आलं नाही.

मलाही हे नंतर कळलं. कॉम्प्युटरचा आणि माझा काही बोलण्याचालण्याचा संबंध नाही.

मग एकशे तीन नंबरचं पान उघडलं.

दार बंद करून सुनावणी होती. अशा प्रकरणात तशीच होते. ती मुलगी सरकारी वकिलांच्या मागे उभी होती. सत्तावीस वर्षांची, रक्ततपासणीच्या लॅबमध्ये रक्त घेण्याचं काम करणारी. भाऊ-वहिनीकडे राहायची. तो मोटार शिकवायचा, मोठ्या भावाबरोबर त्याचा क्लास होता. ती त्याच्याकडे गाडी शिकायला गेली आणि चौदा महिने ते एकत्र होते. मग तिला कळलं की त्याचं लग्न दुसरीकडे ठरलंय, आणि ते ठरून दीड वर्ष झालंय. म्हणजे ती त्याला भेटली त्याच्याही आधी.

त्याचे वकील म्हणाले, दोघं सज्ञान आहेत, सगळं राजीखुशीने झालं, माझा अशील सत्तेचाळीस दिवस आत आहे, त्याचा फोन पोलिसांनी घेतलाय, तपास संपलाय, आता ठेवून काय करणार? सरकारी वकील म्हणाले, लग्न आधीच ठरलेलं होतं हे त्याने लपवलं, म्हणजे शब्द पहिल्या दिवसापासून खोटा. दोघांचंही म्हणणं मी उतरवून घेतलं.

मग साहेबांनी थेट तिला विचारलं, "तुम्हाला काही सांगायचं आहे?"

ती म्हणाली, "साहेब, त्याला सोडायचं की नाही ते तुम्ही ठरवा. मला कायदा कळत नाही. पण मी लॅबमध्ये समोर बसते. तिथे कोणीही येऊ शकतं. चिठ्ठी दाखवली आणि हात पुढे केला की मला सुई लावावीच लागते. नाही म्हणता येत नाही."

दुसऱ्या दिवशी चेंबरमध्ये त्यांनी आदेश सांगितला. जामीन दिला. शब्द खोटा होता की काय ते खटल्यात ठरेल, पण तोवर माणसाला डांबून ठेवायचं कारण दिसत नाही, असं सांगितलं. मग खिडकीपाशी थांबले आणि चौथी अट नेहमीपेक्षा वेगळी, सावकाश सांगितली. "अर्जदाराने तक्रारदार जिथे काम करते त्या लॅबमध्ये कोणत्याही कारणाने जाऊ नये. तपासणीसाठी म्हणूनही नाही. त्याला तपासणी हवी असेल तर शहरात इतर लॅब आहेत." बाईंची पेन्सिल अर्धा शब्द मागे चालत होती. सगळं आलं माझ्यावर. एक मात्रा सुटली नाही.

पण ते लिहिलेलं पुन्हा कुणी उघडून बघायला हवं ना.

त्या दिवशी अकरा आदेश टाइप करायचे होते. साहेबांना चार वाजता प्रशिक्षणासाठी परगावी निघायचं होतं, गाडी खाली उभी. बाईंनी यादी बघितली, आमच्या प्रकरणापाशी आल्या आणि म्हणाल्या, "हे काय, नेहमीचंच." तयार मसुदा उघडला, नावं घातली, तारखा घातल्या. मी शेजारी मिटलेली पडले होते. माझ्यावर त्यांचा जेवणाचा डबा होता. साहेबांनी खांद्याला बॅग अडकवून, उभ्या उभ्या सही केली. बाईंच्या एकतीस वर्षांच्या नोकरीवर त्यांचा विश्वास होता. आरोपीच्या वकिलाने शेवटच्या पानावर 'अर्ज मंजूर' एवढं बघितलं. सरकारी वकिलांना पुढच्या कोर्टात जायचं होतं. चार शहाणी माणसं, आणि अटी कुणी मोजल्या नाहीत.

एक गोष्ट मी तुमच्यापासून आत्तापर्यंत चोरून ठेवली आहे. ती सांगेन, पण जरा धीर एकवटू द्या.

सहा आठवड्यांनी सरकारी वकिलांनी अर्ज आणला, त्याचा जामीन रद्द करा म्हणून. मी तोवर भरून गेले होते आणि बाईंच्या खालच्या खणात, भांडारात जमा व्हायची वाट बघत पडले होते. आमच्या कोर्टाचे क्लार्क भाऊसाहेब, हे बाईंचे जुने सहकारी. त्यांनी तो अर्ज बाईंसमोर वाचला, म्हणून मला ऐकू आला.

तो दर सोमवारी सकाळी लॅबमध्ये येत होता. हातात डॉक्टरची चिठ्ठी, साखरेची तपासणी. रांगेत बसायचा, नंबर आला की तिच्या समोरच्या खुर्चीत बसून बाही वर करायचा आणि हात पुढे करायचा. वाईट एक शब्द नाही. "जरा हळू हं, मला लागतं," एवढंच म्हणायचा. तिने पोलिसांना बोलावलं. त्यांनी आदेश बघितला आणि म्हणाले, "ताई, यात कुठे लिहिलंय की त्याने इथे यायचं नाही?" तिलाच वाटलं, आपण साहेबांना सांगितलं ते साहेबांना पटलं नसेल. पाचव्या सोमवारी तो गेल्यावर तिचा हात इतका थरथरत होता, की पुढच्या आजोबांची शीर सापडेना. त्यांचा दंड काळानिळा झाला. लॅबच्या डॉक्टरांनी तिला रक्त घेण्याच्या टेबलावरून उठवलं आणि सांगितलं, महिनाअखेरपर्यंत कोर्टाचं काहीतरी आण, नाहीतर मला दुसरी मुलगी बघावी लागेल. वहिनी म्हणत होती, केस सोडून दे, निदान नोकरी तरी राहील. आणि अर्जाच्या शेवटी लिहिलं होतं, की केस मागे घ्यावी का, असा विचार तक्रारदार करत आहे.

भाऊसाहेब अर्ज मिटून म्हणाले, "कमाल आहे. साहेबांनी अट कशी नाही घातली?"

ते गेल्यावर त्यांनी खालचा खण ओढला, मला बाहेर काढलं आणि एकशे चार नंबरचं पान उघडलं. चौथी अट तिथे होती. ती त्यांनी तीनदा वाचली. मग त्यांची नजर आधीच्या पानाच्या समासाकडे गेली.

आता सांगते. सुनावणी चालू असताना, 'चौदा महिने' हे शब्द आले तेव्हा, बाईंनी समासात आपल्या खुणांत एक वाक्य लिहिलं होतं. स्वतःपुरतं. अशी वाक्यं त्या कधीमधी लिहायच्या. कधी 'वकील झोपलेत', कधी 'गॅस बंद केला का'. त्या दिवशी लिहिलं होतं, 'चौदा महिने कळलं नाही हिला? कोण विश्वास ठेवेल.'

म्हणून मला उघडलं गेलं नव्हतं. गाडी खाली उभी होती, आदेश अकरा होते, हे सगळं खरंच. पण बाईंनी त्या मुलीला सुनावणीतच एका खणात टाकून दिलं होतं. नेहमीची मुलगी, नेहमीचं प्रकरण, नेहमीचा मसुदा. आणि ते वाक्य सहा आठवडे मी अंगावर बाळगून होते.

दुसऱ्या दिवशी बाईंनी भाऊसाहेबांना सगळं सांगितलं. समासाचं सोडून. भाऊसाहेबांनी आधी दार लोटलं.

"सही कुणाची आहे आदेशावर?"

"साहेबांची."

"मग झालं. तुमच्या निवृत्तीला चार महिने राहिलेत. चौकशी लागली म्हणजे किती वर्षं चालेल काय माहीत. वही भरलीय, भांडारात जमा करून टाका. तिथून ती रद्दीत जाईल. तसंही तुमच्या रेघोट्या कुणाला वाचता येतात?"

"आणि त्या मुलीचं?"

"साहेब घालतील की आता नवीन अट."

"तो वकील घालू देईल? तो म्हणेल, आधी नव्हती, आता का? माझ्या अशिलाने कुठला नियम मोडला?"

भाऊसाहेबांनी खांदे उडवले. ते वाईट नाहीत. बाईंचं भलं बघत होते.

ते गेल्यावर बाईंनी खोडरबर काढलं. समासावर टेकवलं. माझ्यावरचं लिहिणं पेन्सिलीचं, चार वेळा घासलं असतं की मी कोरी. पहिली खूण अर्धी पुसली गेली. खरं सांगू? मला बरं वाटलं. एवढं पुसलं जाऊ दे, मग खुशाल उघडा मला, असं मनात आलं. पण बाई थांबल्या. रबराचा कीस फुंकून टाकला आणि पुटपुटल्या, "हे पुसलं तर बाकीचं खरं कसं धरतील." रबर खणात गेलं, मी पर्समध्ये.

सुनावणी पुन्हा बंद दाराआड झाली. तो आला होता, इस्त्रीचा शर्ट घालून. ती कडेला उभी होती. या खेपेला ती कुणाकडे बघतच नव्हती.

त्याचे वकील म्हणाले, "साहेब, माझ्या अशिलाला साखरेचा त्रास आहे. लॅब त्याच्या घराजवळ आहे. आदेशातल्या तिन्ही अटी त्याने पाळल्यात. चौथी अट नाहीच, तर मोडणार काय?"

साहेब आदेश उलटून पालटून बघत होते. "मी तेव्हा लॅबबद्दल काही सांगितलं होतं, असं मला आठवतं," ते म्हणाले. "पण माझ्या आठवणीवर मी आदेश बदलू शकत नाही."

स्टेनो कोर्टात बोलत नाही. तिने लिहायचं असतं. बाई उठून उभ्या राहिल्या तेव्हा आधी कुणाला कळलंच नाही की त्या बोलणार आहेत.

"साहेब, वही आहे," त्या म्हणाल्या. "तुम्ही अट सांगितली होती. मी वही न उघडता टाइप केलं. चूक माझी आहे."

वकील लगेच म्हणाले, "म्हणजे बाई म्हणतील तेच वहीत आहे, असं धरायचं? या खुणा दुसऱ्या कुणाला वाचता येतात?"

साहेबांनी शेजारच्या कोर्टातल्या स्टेनोला बोलावून घेतलं. तोच, घरी राहायला येतो म्हणणारा. त्याला काही न सांगता माझं एकशे चार नंबरचं पान समोर धरलं. तो अडखळत, बोट ठेवून वाचू लागला. लॅबमध्ये कोणत्याही कारणाने जाऊ नये. तपासणीसाठी म्हणूनही नाही. शहरात इतर लॅब आहेत. साहेबांनी डोळे मिटून मान हलवली.

स्टेनो थांबला. वकील टेबलाशी येऊन माझ्यावर वाकले होते. वकिलाची नजर ती. "मागच्या पानावर कडेला काहीतरी दिसतंय, अर्धवट पुसलेलं. तेही वाचा. वाचायचं तर सगळंच वाचा."

स्टेनोने ते मनात वाचलं आणि बाईंकडे बघितलं. बाई म्हणाल्या, "वाच."

त्याने वाचलं.

वकील खुशीत म्हणाले, "बघा साहेब. कोर्टाच्या बाईंनाही हेच वाटलं होतं." मला मिटता आलं असतं तर मिटले असते. पण माझं पान स्टेनोच्या बोटाखाली होतं.

ती मुलगी पहिल्यांदा बाईंकडे बघून बोलली. आवाज चढला नाही.

"नाही कळलं मला," ती म्हणाली. "शिकवायच्या गाडीत दोन ब्रेक असतात, मॅडम. एक शिकणाऱ्याच्या पायाशी, एक त्याच्या. मी चौदा महिने समजत होते की गाडी मी चालवतेय."

साहेबांनी त्या दिवशीच आदेश दुरुस्त केला. जामीन रद्द केला नाही. जी अट त्याच्या कागदावर नव्हती ती मोडल्याबद्दल त्याला आत टाकता येत नाही, असं म्हणाले. पण चौथी अट शब्दशः घातली आणि बजावलं, की यापुढे त्या लॅबच्या पायरीवर दिसलास तर तुझी जागा ठरलेली आहे. आणखी एक वाक्य घातलं, 'मूळ आदेशावर सही करण्यापूर्वी मी तो वाचला नव्हता.' बाईंनी ते नव्या वहीत लिहून घेतलं. माझ्यात जागा नव्हती.

बाहेर व्हरांड्यात बाईंनी तिला गाठलं. मी पर्समध्येच होते. बाई म्हणाल्या, "बाळा, मी फार मोठी चूक केली. मला..."

"मॅडम, मला सोमवारी कामावर जायचंय," ती म्हणाली. "तो कागद आज मिळेल ना?"

"मिळेल. मी स्वतः टाइप करते."

"अटी मोजून द्या," ती म्हणाली आणि बाकावर जाऊन बसली.

बाईंनी कागद टाइप केला, चार वेळा मोजला आणि तिच्या हातात दिला. तिने तो तिथेच उभं राहून पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचला, घडी घातली आणि गेली. माफीचा विषय निघाला नाही. पुढच्या सोमवारी ती आपल्या टेबलावर बसली, हे सरकारी वकिलांकडून कळलं.

इथे मी थांबले असते तर तुम्ही म्हणाला असता, चला, शेवट गोड झाला. पण सुनावणीच्या दिवशीच साहेबांनी मला पुरावा म्हणून फाइलला लावायला सांगितलं, आणि बाईंनी एका दिवसाची मुदत मागून घेतली. म्हणाल्या, बाराव्या पानापासून पुढची सगळी पानं मला एकदा बघायची आहेत. त्या रात्री नव्हे, दुसऱ्या दिवशी भर सकाळी त्या बसल्या आणि एकेक पान वाचत गेल्या. मसुदा बिघडल्यानंतर अशा प्रकरणात जामीन आणखी एकदाच मंजूर झाला होता, बाकीचे अर्ज फेटाळले गेले होते. पान सदतीस.

ती मुलगी बसस्थानकात चौकशीच्या खिडकीवर बसायची. तिनेही साहेबांना तेच सांगितलं होतं, की खिडकीवर कोणीही येऊ शकतं. साहेबांनी तेव्हाही येरझारा थांबवून चौथी अट सांगितली होती, खिडकीचा उल्लेख करून. ती माझ्यावर आहे, स्वच्छ खुणांत. कागदावर आली नाही. बाईंनी नोंदवही काढून बघितली. दोन महिन्यांतच त्या मुलीने वरच्या कोर्टात लिहून दिलं होतं, की तक्रार गैरसमजातून झाली. केस बंद.

दुपारी बाई मला घेऊन बसस्थानकावर गेल्या. चौकशीच्या रांगेत उभ्या राहिल्या. नंबर आल्यावर खिडकीतल्या बाईने मान वर न करता विचारलं, "कुठली गाडी?"

"गाडी नाही हो. इथे आधी एक मुलगी बसायची ना?"

"ती गेली सोडून."

"का?"

"एक माणूस यायचा रोज. रांगेत उभा राहायचा आणि एकाच गाडीची वेळ विचारायचा. दिवसातून चार-पाच वेळा. आम्ही काय बोलणार, चौकशीचीच खिडकी आहे." मग तिने मान वर केली. "तुम्ही कोण तिच्या?"

मागून कुणीतरी म्हणालं, "अहो मावशी, सरका ना पुढे." बाई सरकल्या. बाकावर बसल्या, मला मांडीवर घेतलं आणि सदतीसावं पान पुन्हा उघडलं. त्यांच्या हाताला पेन्सिलीचा वास होता.

दुसऱ्या दिवशी त्यांनी साहेबांना सदतीसावं पान दाखवलं. साहेब खुर्चीत बसले. "ती केस बंद झाली, बाई," ते म्हणाले. "तिथे आता मला काही लिहिता येत नाही." तरी दोघांनी मिळून एक टिपण केलं आणि वर पाठवलं. उत्तर आल्याचं मी ऐकलेलं नाही. बाईंच्या मागे चौकशी लागली. त्यांनी कुठलाच ठपका नाकारला नाही.

आता मी एका फाइलमध्ये आहे. अंगावर नंबर आहे, भोवती नाडी आहे. एकशे तीन आणि एकशे चार या पानांत कागदाची पट्टी घातली आहे. खटला उभा राहील तेव्हा कुणीतरी तेवढीच दोन पानं उघडेल आणि मला परत बांधून ठेवेल.

तुमच्यापैकी कुणाचं या कोर्टात कधी काम निघालं, तर माझी एक विनंती आहे. पट्टीच्या मागे जा, सदतीसावं पान उघडा. आणि चौकशीच्या खिडकीवर बसणारी ती मुलगी तुम्हाला कुठे भेटलीच, तर तिला काही विचारू नका, फक्त एक सांगा. तिला वाटत असेल की त्या दिवशी कोर्टात आपलं कुणी ऐकलं नाही. ऐकलं होतं. लिहूनही घेतलं होतं. त्यापुढचं काम आमचं होतं, आणि ते आम्ही केलं नाही.